वाळूवरची टाच

ओकी बेट
३ ऑक्टोबर १९७७

हिरोमु,

पत्राच्या सुरुवातीला आशीर्वाद लिहायची पद्धत आहे. तो मी शेवटी लिहीन, तुझं उत्तर वाचल्यावर.

तोशिनाओ परवाच्या बोटीने घरी आला. धक्क्यावर अर्धं गाव उभं होतं. बेटाचा सुमो पैलवान नऊ वर्षांनी येतोय म्हणून लोकांनी सुकत घातलेले माकूळ सोडून धाव घेतली होती. आणि माझा भाऊ उतरला तो डोक्यावर बुचडा नाही, केस कापलेले, एखाद्या कचेरीतला कारकून उतरावा तसा. लोकांनी आणलेल्या कागदी फिती हातातल्या हातात राहिल्या. मासे विकणारी ओत्सुनेआजी त्याच्याकडे बघूनच मला म्हणाली, "इसोए, पैलवान मागच्या बोटीने येतोय का गं?"

घरी आल्यावर मी विचारलं, तर म्हणाला, "चार कुस्त्या जिंकायच्या होत्या, तीनच जिंकल्या. वस्तादांनी वसंतातच सांगून ठेवलं होतं, सप्टेंबरच्या स्पर्धेत सातांतल्या चार नाही झाल्या तर केस उतरवायचे आणि घरी जायचं." मी म्हटलं, बरं. मग बाहेर समुद्राकडे बघत म्हणाला, "शेवटच्या कुस्तीला हिरोमु पंच होता."

तेव्हापासून तो नुसता माकूळ उलटत बसला आहे.

आता तू बोल. अडुसष्टच्या मार्चमध्ये तुम्हा दोघांना याच धक्क्यावरून मीच पाठवलं. पंधरा वर्षांचे दोघे, एका तालमीत. वस्तादांनी तुला बघून म्हटलं होतं, "हा फुंकरीने उडेल, याच्या हातात पंचाचा पंखा द्या," हे तूच मला हसत हसत कळवलं होतंस. तुला पंचांच्या घराण्याचं शिकिमोरी हे नाव मिळालं त्या दिवशी मी सणाचा लाल भात शिजवला होता. तोशिनाओला ओकिशिबुकी हे आखाड्यातलं नाव मिळालं तेव्हाही शिजवला होता. मी दोघांत फरक केला नाही.

म्हणून विचारते. त्याची नऊ वर्षं ज्या एका कुस्तीवर संपली, तिचा निकाल तू दिलास. ज्याच्या हातात निकाल असतो त्याने तो समजावून सांगितलाच पाहिजे. हे मी शिक्षणमंत्र्यांना शिक्षकांच्या भर सभेत सांगितलं आहे. तुला पत्रात सांगते.

काय झालं?

इसोए


टोकियो
१० ऑक्टोबर

इसोएताई,

नमस्कार. पत्र मिळालं.

स्पर्धेच्या तेराव्या दिवशी दुपारी साडेबाराच्या सुमारास कुस्ती झाली. पूर्वेकडून होक्काइदोचा एक नवा पैलवान, पश्चिमेकडून ओकिशिबुकी. दोघांच्याही तीन जिती, तीन हारी. समोरच्याने ओकिशिबुकीला कडेपर्यंत रेटत नेलं. तिथे ओकिशिबुकीने पाठ वाकवून त्याला पोटावर घेतला आणि वळवला. आधी समोरचा, मग त्याच्यावर ओकिशिबुकी, असे दोघंही खाली पडले. मात्र त्याआधी पश्चिमेच्या पैलवानाचा पाय कड्याबाहेर गेला होता.

आखाड्याच्या गवती कड्याबाहेर बारीक वाळूची पट्टी असते. दर कुस्तीनंतर ती झाडूने सारखी करतात. पाय जरा बाहेर टेकला तरी वाळूत उमटतो, त्यामुळे शंकेला जागा राहत नाही. वाळूत खूण उमटली होती. मी पंखा पूर्वेकडे, म्हणजे जिंकणाऱ्याच्या बाजूला, केला. भोवती बसलेल्या पाच परीक्षकांपैकी कुणीही हरकत घ्यायला हात वर केला नाही. निकाल कायम झाला.

शेवटच्या दिवशी तालमीतच केस उतरवण्याचा समारंभ झाला. एकेक जण येऊन एकेक बट कापतो आणि शेवटी वस्ताद बुचडा काढतात. दरेकाच्या हातात कात्री देण्याचं काम तालमीच्या पंचाचं असतं. ते मी केलं. त्रेचाळीस माणसं होती.

थंडी सुरू होईल. प्रकृतीला जपा.

हिरोमु


ओकी बेट
२८ ऑक्टोबर

हिरोमु,

हे पत्र आहे की शिक्षणखात्याचं परिपत्रक? मी चार वेळा वाचलं. कुस्ती झाली, खूण उमटली, निकाल कायम झाला. या सगळ्यात तू कुठे आहेस?

मी एकोणीस वर्षं वर्गात उभी आहे. एखादा मुलगा "मी काच फोडली नाही" म्हणतो तेव्हा मी त्याच्या तोंडाकडे बघते. पण "काच फुटलेली होती" म्हणतो तेव्हा मी त्याच्या हातांकडे बघते. तू लिहितोस, वाळूत खूण होती. मी तुला खूण विचारलेलीच नाही. पाय पाहिलास का? तोशिनाओचा पाय कड्याबाहेर पडताना तुझ्या डोळ्यांनी पाहिलास का? हो किंवा नाही लिही. खाली प्रकृतीची चौकशी नको.

इकडची गोष्ट अशी. देवळाचं छप्पर नवं झालं आहे, म्हणून वसंतात गावाची कुस्ती धरायचं ठरलं. आपली पद्धत तुला ठाऊक आहे. प्रत्येक जोडी दोनदा भिडते, पहिली जिंकणारा दुसरी सोडून देतो आणि कुणीही हरून घरी जात नाही. मला तर यापेक्षा शहाणा कायदा पुस्तकांतही सापडलेला नाही. चौघे जण तोशिनाओला मानाच्या जोडीसाठी विचारायला आले. मला वाटलं, आता तरी हा उठेल. तो म्हणाला, "मला अर्धी हार नको. आधीची कुठली पुरती झालीय?" आलेले लोक चहा न पिताच गेले.

याचा अर्थ काय? तुला कळत असेल तर मला सांग. त्याचं मन थाऱ्यावर नाही एवढं मला दिसतं. काल धक्क्यापर्यंत गेला आणि परत आला तो डाव्या पायात खडावच नाही. वाटेत निसटली आणि ह्याला पत्ता नाही. खडबडीत दगडांवरून अनवाणी आला. मी म्हटलं, "अरे, पाय!" तो खाली बघून म्हणाला, "अरे हो."

माझा भाऊ आतून फुटत चालला आहे. मला सरळ उत्तर हवं आहे.

इसोए


फुकुओका
८ नोव्हेंबर

इसोएताई,

नाही. पाय मी पाहिला नाही.

आम्ही नोव्हेंबरच्या स्पर्धेसाठी इकडे आलो आहोत. तालीम एका बौद्ध मठात उतरली आहे. बाकीचे सगळे सरावाला गेल्यावर हे लिहितो आहे.

मी त्याच्या उजव्या अंगाला होतो. दोघं कडेला आले तसे माझ्याच अंगावर येऊ लागले, म्हणून मी मागे उडी घेतली. आमच्या दर्जाचे पंच अनवाणी असतात, हे तुम्हाला माहीत आहे. मी ओरडत होतो, "आहे, आहे, अजून आत आहे!" कुस्ती चालू असताना पंचाने हेच ओरडायचं असतं. तेवढ्यात मला वाळूतली खूण दिसली. टाचेची. हात आपोआप वर गेला. ताई, माझं तोंड "अजून आत आहे" म्हणत होतं आणि हाताने तो बाहेर गेल्याचं सांगितलं होतं. दोन्ही एकाच वेळी.

परीक्षकांनी खूण पाहिली आणि माना हलवल्या. झाडूवाला आला. वाळू पुन्हा सारखी झाली.

संध्याकाळी पाय धुताना माझ्या डाव्या टाचेच्या भेगेत ती बारीक वाळू निघाली. आखाड्यावरची माती वेगळी आणि ती वाळू वेगळी. ती हाताला ओळखू येते. म्हणजे मी उडी घेतली तेव्हा माझा पाय पट्टीत पडला होता. कुठे पडला? खूण होती तिथे की हातभर अलीकडे? मला माहीत नाही. पैलवानाची टाच रुंद असते, माझी अरुंद, म्हणून मी दुसऱ्या दिवशी सकाळी सरावाच्या जागेत वाळू पसरली आणि तशीच उडी मारून पाहिली. सहा वेळा. दोनदा अरुंद खूण उमटली. चारदा पाय घसरून ती त्याच्या टाचेएवढी रुंद झाली.

मग त्याला विचारलं का नाही, असं तुम्ही म्हणाल. त्यानंतर चार दिवस आम्ही एका छपराखाली होतो. "मीठ दे" आणि "पाणी तापलंय" एवढंच बोललो. त्याच्या केसांसाठी मी त्रेचाळीस माणसांच्या हातात कात्री दिली. माझी पाळी आली तेव्हा बट न कापता कात्री पुढच्याला देऊन मागे सरलो. त्याने आरशातून पाहिलं.

आता मी आखाड्यात स्वतःच्या पायांकडे बघतो. परवा सरावाच्या कुस्तीत पंखा दाखवायला इतका वेळ लावला की दोन्ही पैलवान उठून, अंग झटकून माझ्याकडे बघत राहिले. एक जण म्हणाला, "पंचसाहेब, आम्ही जेवून येऊ का?"

मी राजीनामा लिहून झग्याच्या आत ठेवला आहे. फक्त एकच गोष्ट हवी आहे, आणि ती मला विचारता येत नाही. तुम्ही विचारा. टाच त्याची होती. ती वाळूला लागली की नाही हे जगात एकट्या त्याला ठाऊक आहे. लागली नव्हती म्हणाला, तर मी पंखा ठेवून देईन. त्याच्या एका शब्दावर.

हिरोमु


ओकी बेट
१९ नोव्हेंबर

हिरोमु,

वादळामुळे पाच दिवस बोट नव्हती. तुझं पत्र सोमवारी मिळालं.

वाचून मी आधी रागावले. मग तुझ्या त्या सहा उड्या डोळ्यांपुढे आल्या आणि राग कुणावर करावा तेच कळेना. मी सभेत बोलायला उभी राहते तेव्हा माझं म्हणणं मला ठाऊक असतं. हे पत्र तीन दिवस लिहिते आहे आणि माझं म्हणणं काय आहे ते मला माहीत नाही.

मी त्याला विचारलं. माकूळ उलटत बसला होता. मान वर न करता म्हणाला, "लागली होती. सांग त्याला." इतक्या चटकन, की कुणीतरी विचारणार म्हणून तयार करून ठेवलेलं उत्तर असावं. मी म्हटलं, तू त्याला वाचवायला खोटं बोलतोयस. तर हसला. दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारलं. म्हणाला, "नव्हती लागली." मी म्हटलं, काल तर लागली होती! "काल तुला ते पटलं नाही ना, म्हणून आज हे." मी ओरडले. मी माझ्या भावावर कधी ओरडलेली नाही. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा त्यानेच मला विचारलं, "हिरोमु काय म्हणतो?" मी म्हटलं, त्याला माहीत नाही. त्यावर त्याचा चेहरा असा झाला की जणू मी त्याला धक्क्यावरून ढकललं.

आणि काल दुपारी हे झालं. आम्ही रजईखालच्या शेगडीशी पाय घालून बसलो होतो. मी वह्या तपासत होते. जळकट वास आला. मला वाटलं रजई पेटली. उचलून बघते तर ह्याचा डावा पाय निखाऱ्यांच्या जाळीला टेकलेला, तळव्याची कातडी पांढरी झालेली, आणि हा वर्तमानपत्र वाचतोय.

डॉक्टरांनी सुई टोचून पाहिली. घोट्याखाली कुठेही टोचा, तो म्हणतो, "टोचली का?" कमरेच्या मणक्यात नस दबली आहे, म्हणाले. बरेच महिने झाले असावेत.

ती खडाव. मी ती मनाच्या खात्यात घातली होती.

पुढचं मी लिहू नये, तो स्वतः लिहील म्हणाला. राजीनामा देऊ नकोस. दे. मला कळत नाही. त्याचं पत्र येईपर्यंत तरी थांब.

आशीर्वाद.

इसोए


ओकी बेट
२१ नोव्हेंबर

हिरोम्या,

माझं अक्षर तुला लागेल की नाही कोण जाणे. नऊ वर्षांत मी सहीशिवाय काही लिहिलेलं नाही, आणि तीही तू खोडून दुरुस्त करायचास.

जानेवारीच्या शेवटी सरावात कमरेवर पडलो ते आठवतं ना? तेव्हापासून डावा पाय गेला. दुखत नाही रे, दुखला असता तर बरं. नाहीच तिथे काही. जमिनीवर ठेवला की मला गुडघ्यात कळतं की ठेवला. वस्तादांना सांगितलं असतं तर मार्चमध्येच घरी पाठवलं असतं. म्हणून बोललो नाही. सगळं अंग उजवीकडे टाकून लढायला शिकलो. तरी सप्टेंबरात तीन काढल्या. लंगड्याच्या मानाने वाईट नाही.

तेव्हा ऐक. टाच वाळूला लागली की नाही, मला माहीत नाही. ताईला मी दोन्ही सांगून बघितलं, कुठलं खरं वाटतं ते पाहायला. दोन्ही सारखंच वाटलं.

मी त्याला पोटावर घेतला तेव्हा तुझा आवाज कानात होता, "आहे, आहे, अजून आत आहे." मी म्हटलं, हिरोमु म्हणतोय आहे, तर आहे. दिला वळवून. मग त्याच्यावर पडलो आणि वर बघितलं. माझ्या पायाने मला काही सांगितलं नव्हतं. समोरचा माझ्याखाली दबला होता, तो तर नुसता धापा टाकत होता. मी तुझ्या पंख्याकडे बघितलं. तो वळेपर्यंत मी जिंकलोही नव्हतो आणि हरलोही नव्हतो. तो वळला तेव्हा मला कळलं.

आता तू ताईला लिहितोस, तुला माहीत नाही. मग मी काय झालो? इथे रोज कुणीतरी विचारतं, काय झालं रे? मी तोंड उघडतो आणि काय सांगायचं तेच सापडत नाही. माझं मन थाऱ्यावर नाही म्हणून नव्हे. मला खरंच माहीत नाही.

ताई म्हणते तू राजीनामा लिहिलायस माझ्या एका शब्दावर. माझ्याकडे शब्द नाही. ते काम तुझं होतं. म्हणून तुलाच सांगतो. निकाल पुन्हा दे. पत्रात दे. पूर्व की पश्चिम. कारणं नकोत, वाळू नको, तुझ्या उड्या नकोत (सहा वेळा? गाढवा). देशील तो मी घेईन. पण देच.

तोशिनाओ


फुकुओका
२८ नोव्हेंबर

तोशिनाओ,

तुझं पत्र काल, स्पर्धेच्या शेवटच्या दिवशी सकाळी मिळालं. अक्षर लागलं. अजूनही खोडण्याजोगंच आहे.

ते वाचून मी थेट ज्येष्ठ पंचांकडे गेलो आणि राजीनामा त्यांच्यापुढे ठेवला. ते दाढी करत होते. वाचून म्हणाले, "दिसलं नाही म्हणून राजीनामा? मला बत्तीस वर्षांत अर्ध्या वेळा दिसलेलं नाही. जा, पाय धू, तुझी पाळी जवळ आली." कागद त्यांनी पाण्याच्या वाटीखाली ठेवला. मी पाय धुतले. पण त्यांचं उत्तर माझ्या कामाचं नव्हतं. त्यांना न दिसूनही झोप लागते, मला लागत नाही, एवढाच त्यातून फरक कळला.

मग आखाड्यात गेलो. तिसरी जोडी कडेला पडली आणि मी पश्चिमेकडे पंखा केला. लगेच एका परीक्षकाने हात वर केला. पाचही जण वर चढले, बोलले आणि म्हणाले, पंचाची चूक, निकाल पूर्वेचा. सगळ्यांसमोर. मी वाकून नमस्कार केला आणि पंखा दुसरीकडे वळवला. खाली उतरलो आणि सांगू का, सप्टेंबरनंतर पहिल्यांदा मला भूक लागली. दोन वाडगे भात खाल्ला. चूक झाली होती आणि ती चूक आहे हे मला कुणीतरी सांगितलं होतं. तुझ्या वेळी कुणी सांगितलं नाही. बरोबर होतं असंही कुणी सांगितलं नाही. फक्त माना हलल्या.

याने मला शहाणपण आलं असं समजू नकोस. आज सकाळपासून मी तीन पत्रं लिहून फाडली. एकात तू जिंकलास असं लिहिलं होतं. ते लिहिताना फार बरं वाटलं, म्हणूनच फाडलं. तुला बरं वाटावं म्हणून दिलेला निकाल तू पहिल्या ओळीतच ओळखला असतास, आणि मग तुझ्याकडे तोही राहिला नसता. दुसऱ्यात वाळू होती, तिसऱ्यात माझी टाच. तू ते नको म्हणालास.

ताईंचं म्हणणं, ज्याच्या हातात निकाल असतो त्याने तो समजावून सांगावा. ताई बरोबर आहेत. मला तो समजावून सांगता येत नाही. तरी द्यायचा आहे. ही दोन वाक्यं एकत्र कशी बसतात ते मला कळत नाही, आणि त्यांनाही कळलं नाही तर त्यांनी मला जरूर सुनवावं.

आता मी उभा राहून लिहितो आहे.

पूर्व. ओकिशिबुकी हरला.

तुझा पाय बाहेर गेला म्हणून नव्हे. ते मला ठाऊक नाही, तुला ठाऊक नाही, वाळू झाडून झाली. मी पंखा तिकडे केला म्हणून तू हरलास. कुणी विचारलं, काय झालं रे, तर पाठ सांगू नकोस, पाय सांगू नकोस. सांग, हिरोमुने हरवलं. धक्क्यावर सांग, देवळात सांग, ओत्सुनेआजींना मोठ्याने सांग, त्यांना कमी ऐकू येतं. मी गावी आलो की लोक माझ्याकडे बघतील, तेव्हा मी नाही म्हणणार नाही.

आज दुपारी ज्येष्ठांकडून मी राजीनाम्याचा तो कागद परत मागून घेतला. माझा पंखा मी खाली ठेवत नाही. ठेवला तर तुला कुणीच हरवलं नाही असं होईल.

हिरोमु